एकच भरलं होतं

नाना,

परवा मी पुन्हा ‘हो’ म्हटलं. तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की तुमच्या आवाजाच्या आधी मला तुमचा खोकला आठवतो. पण परवाचा माझा तो ‘हो’ मात्र तेरा वर्षांच्या मुलीचा होता, जसाच्या तसा. विचारणारे मामा होते. आईचे धाकटे भाऊ आता पंच्याऐंशीच्या पुढे गेलेत, विद्यानगरला मुलाच्या फ्लॅटमध्ये राहतात, चालायला चार पायांची काठी लागते. तरी सुलतान बाजारातल्या आपल्या मंडळाच्या हॉलमध्ये माझं भाषण ऐकायला ते पहिल्या रांगेत येऊन बसले होते. भाषण संपलं, बायका चहाचे कप फिरवू लागल्या, तेव्हा त्यांनी मला हातानं जवळ बोलावलं. कान गेलेत त्यांचे, त्यामुळे अख्ख्या हॉलला ऐकू जाईल अशा आवाजात त्यांनी विचारलं, “त्यानं एकच भरलं होतं. होय की नाही?” चार-पाच लोक वळून बघायला लागले. मी म्हटलं, “हो.” मामांनी मान हलवली, जणू काही त्यांचा खटला पुन्हा एकदा त्यांच्या बाजूनं लागला, आणि चहाकडे वळले.

भाषण कसलं, ते तुम्हाला ठाऊक नाही. मी शाळेत विज्ञान शिकवत होते आणि शिकवता शिकवता निवृत्त झाले, एवढं तुम्ही अंदाजानं ओळखलं असतंत. माझ्या नोकरीच्या शेवटच्या वर्षांत आमच्या सातवीतली एक मुलगी गेली. त्यांच्या गल्लीतून वरात चालली होती. बँड, दिवे, गाडीच्या बॉनेटवर चढलेला नवरदेवाचा कोणी चुलतभाऊ, त्याच्या हातात पिस्तूल. ही दुसऱ्या मजल्यावरच्या गॅलरीत जाळीला नाक लावून बघत होती. त्यानं वर तोंड करून तीन गोळ्या झाडल्या. एक हिच्या जबड्याखालून शिरली आणि डोक्यातून बाहेर पडली. दुसऱ्या दिवशी मी भेटायला गेले तेव्हा गॅलरी धुतलेली होती, फरशी अजून ओली होती. तिच्या आईनं मला हाताला धरून जाळीपाशी नेलं आणि बोट दाखवलं. सिमेंटच्या जाळीच्या एका भोकात केस चिकटून राहिले होते, त्यांच्या मुळाशी काहीतरी होतं. कोणी काढायला धजावत नव्हतं. मी काढले, रुमालात बांधले आणि तिच्या आईच्या हातात दिले. खाली त्या पिस्तूलवाल्याचे काका येऊन बसले होते. पुन्हा पुन्हा सांगत होते, “ऊपर को मारा था मॅडम, खुशी में मारा था.” मला त्या माणसाच्या तोंडावर चप्पल मारावीशी वाटली. वर कोणी राहत नाही का? वरच तर लोक राहतात.

शोकसभेत मी उठले आणि आयुष्यात पहिल्यांदा चार लोकांत म्हटलं, माझी आई घरातल्या बंदुकीनं गेली. त्यानंतर बोलावणी येऊ लागली. शाळांतून, अपार्टमेंटच्या सोसायट्यांतून, लग्नाच्या हंगामाआधी फंक्शन हॉलवाल्यांच्या बैठकीतून. मी सुताराकडून एक लाकडी दुनळी बंदूक करून घेतली आहे. ती पिशवीत घालून मी सिटी बसनं हिंडते, आणि पिशवीतून दस्ता बाहेर दिसला की बायका सरकून जागा देतात. मी सांगते, बंदूक एका कुलपात आणि काडतुसं दुसऱ्या कुलपात ठेवा, किल्ल्या एका जुडग्यात नकोत. वरातीत कोणी पिस्तूल काढलं तर बँड बंद करा, नवरदेवाला घोड्यावरून उतरवा, लाजू नका. आणि बंदूक हातात घेणाऱ्यानं ती स्वतः उघडायची, आत बघायचं, करंगळी घालून चाचपायचं. रिकामी आहे का असं कोणाला विचारायचं नाही. विचारू नका, बघा. मुलं हे वाक्य माझ्यामागून ओरडून म्हणतात. मग मी तुमची गोष्ट सांगते. माझ्या वडिलांनी विचारलं, बघितलं नाही. घरातल्या कोणीतरी ‘हो, काढली’ म्हटलं, आणि आई गेली. लोक चुकचुकतात, मान हलवतात. घरातलं ते कोणीतरी कोण, हे आजवर मोठ्या माणसांपैकी कोणीही विचारलेलं नाही.

आपली दुनळी बंदूक तुमच्या आजोबांची, ते निजामाच्या राज्यात तहसीलदार होते तेव्हाची. रझाकारांच्या वर्षी त्यांनी तीन दिवस ती मांडीवर घेऊन दारात बसून काढले, एवढाच तिचा पराक्रम. माणसावर ती कधी उडाली नव्हती. पण मान केवढा! खंडेनवमीला कोठी बाजाराच्या मागच्या गल्लीतल्या आपल्या वरच्या मजल्यावर पाट मांडला जायचा. त्यावर तुमची कायद्याची पुस्तकं, दौत, आईची विळी, कात्री, शिवणयंत्राची सुई आणि मधोमध ती. सगळ्यांना झेंडू. आपल्यात रिकामं काही चालत नाही. शेजारणीचं भांडं रिकामं परत करायचं नाही, रिकामा पाळणा हलवायचा नाही, सवाष्ण रिकाम्या ओटीनं पाठवायची नाही. तसं पणजोबांनी ठरवून टाकलं होतं की शस्त्रही रिकामं पुजायचं नाही. म्हणून नवमीला दोन काडतुसं भरायची आणि दसऱ्याला उत्तरपूजा झाली की काढून, पावडरच्या जुन्या डब्यात कापसावर निजवून वर्षभर ठेवायची. तीच दोन, वर्षानुवर्षं. त्यांच्या तांबड्या कागदी अंगावर कुंकू, हळद, अक्षता, फुलानं शिंपडलेलं पाणी. आई हसायची, “त्या बिचाऱ्यांत काय जीव राहिलाय आता? दिवाळीत टिकलीसारखी तरी वाजतील का?” कागदाचं काडतूस पाण्यानं फुगतं हे मी पुढे वाचलं. आपण ती पुजून पुजून फुगवली होती.

काडतुसं काढल्यावर तुमचं शेवटचं काम असायचं. उघडून मिटलेल्या बंदुकीची स्प्रिंग ताणलेली राहते, ताणून ठेवली तर मरते, म्हणून तुम्ही ती आत ठेवण्याआधी दोन्ही चाप एकामागून एक ओढायचात. उजवा आधी. खट. मग चष्मा सावरायचात. मग डावा. खट. दरवर्षी त्याच जागी उभं राहून, त्याच फळ्यांच्या भिंतीकडे तोंड करून, नळ्या खाली कलत्या धरून. त्या भिंतीपलीकडे स्वयंपाकघर होतं आणि जमिनीवर पाट घेऊन आई चुलीपाशी बसलेली असायची. दुसरा खट झाला की ती आतून विचारायची, “झालं का हो तुमचं युद्ध?” आणि तुम्ही म्हणायचात, “जिंकलो.” शहरातला नावाजलेला वकील, एका स्वल्पविरामासाठी कारकुनाला रडवणारा माणूस, दरवर्षी बायकोच्या दिशेनं बंदूक धरून दोनदा चाप ओढत होता, आणि त्यात काही वावगं आहे असं आपल्या घरात कोणाच्या मनातही आलं नाही. बंदूक रिकामी असायची ना.

तुमचा राग मी लिहिलाच पाहिजे, नाही तर पुढचं कळायचं नाही. आठ वर्षांची असताना माझ्या हातून तुमच्या कागदांवर दौत सांडली होती. तुम्ही विचारलंत, “कोणी केलं?” मी खरं सांगितलं. तुम्ही माझा तो हात धरून सांडलेल्या शाईत दाबलात, तसाच माझ्या गालावर दाबलात, आणि मला गल्लीत उभं केलंत. शाळेतून येणाऱ्या मुली बघत होत्या. तुम्ही मारलं नव्हतं. मारलं असतं तर बरं झालं असतं. गाल दोन दिवस निळा होता. तेव्हापासून तुम्ही काही विचारलं की माझ्या तोंडून आधी ‘हो’ जायचं. गृहपाठ झाला? हो. जेवलीस? हो. उत्तर नंतर शोधायचं. आई हे ओळखून होती. ती मला काही विचारताना तुमची खुर्ची रिकामी आहे ना ते बघायची.

आणि मग त्या वर्षी नवमीला तुम्ही म्हणालात, “यंदा काडतुसं भरायचं काम तुझं. दसऱ्याला काढायचंही.” काकांच्या मुलांना सोडून मला. मुलगी असून मला. खटका अंगठ्यानं कसा दाबायचा, बंदूक गुडघ्यावर कशी मोडून उघडायची, हे तुम्ही माझ्या मागे बसून, माझे हात तुमच्या हातांत धरून दाखवलंत. तुमच्या अंगाला चंदनाचा वास येत होता. तुम्ही मला दिलेल्या वस्तूंमध्ये सायकल होती, फाउंटन पेन होतं. पण ते काम म्हणजे मला मिळालेली सगळ्यात मोठी भेट होती. मी कोणाला सांगितलं नाही, पण दोन दिवस गल्लीत मान ताठ करून हिंडले. भरताना काहीच अडलं नाही, डावं जरा जोर लावून आत गेलं इतकंच.

दसरा. सकाळचे अकरा वाजले असतील. घरभर पुरणाचा वास. उत्तरपूजा झाली, तुम्ही हात धुवायला मोरीत गेलात. मी बंदूक गुडघ्यावर मोडली. उजवं काडतूस नखानं ओढलं, आलं. डावं करंगळीच्या पेराएवढं वर आलं आणि अडकलं. मी ओढलं. नख तुटलं. केसातली पिन घालून ओढलं, पिन वाकली. तुमची पावलं वाजली. मी डावं अंगठ्यानं आत ढकललं आणि बंदूक मिटली. उजवं डब्यात ठेवलं असतं तर दुसरी जागा रिकामी दिसली असती, म्हणून ते फ्रॉकच्या खिशात टाकलं. दुपारी तुम्ही झोपलात की आईची सांडशी आणून दुसरं काढीन आणि दोन्ही बरोबर ठेवीन, असा माझा बेत. तुम्ही विचारलंत, “काढलीस?” मी म्हटलं, “हो.” तुम्ही म्हणालात, “शाबास.” आणि बंदूक उचललीत.

उजवा. खट. तुम्ही चष्मा सावरलात. नाना, तुम्ही चष्मा सावरताना कधीच घाई करत नव्हतात. डावा कान, मग उजवा कान, मग नाकावर एक बोट. तेवढ्यात ‘थांबा’ म्हणता येतं. ‘नाना’ म्हणता येतं. नुसतं रडताही येतं. मी मनात म्हटलं, त्यात काय जीव राहिलाय आता.

आवाज मला आठवत नाही. भिंतीच्या फळीला ताटलीएवढं भोक पडलं आणि त्यातून स्वयंपाकघराचा उजेड आपल्या खोलीत आला, हे आठवतं. धुरातून झेंडूच्या पाकळ्या खाली येत होत्या. मी तुमच्या आधी आत पोचले. आई पाटावर बसलेलीच होती, मागच्या डब्यांच्या फळीला टेकून. तिच्या मानेची आणि खांद्याची उजवी बाजू जागेवर नव्हती. लाकडाच्या कुसळ्या आत घुसल्या होत्या, त्यांमधून रक्त उसळून उसळून येत होतं, भांड्यात उकळी येते तसं. हातात पुरणाचा गोळा तसाच. तव्यावर पोळी होती आणि तिच्यावर रक्त पडून चरचरत होतं. जळक्या गुळाचा आणि आणखी कशाचा तरी वास. तो वास आला की मी आजही उठून जाते. लोकांना वाटतं मला पुरणपोळी आवडत नाही. आईनं तुमच्याकडे बघितलं आणि स्वच्छ आवाजात म्हणाली, “अहो, तवा उतरवा.” तुम्ही तवा नुसत्या हातानं उचललात आणि मोरीत फेकलात. मग उपरणं तिच्या मानेत कोंबलंत, वरून दोन्ही हातांनी दाबलंत. तुमच्या बोटांमधून ते येतच राहिलं.

खालचे घड्याळवाले चाचा धावत वर आले. तुम्ही आईला उचललं होतं, तिची टाच प्रत्येक पायरीला आपटत होती. चाचांनी तिचे पाय धरले. “हौला नक्को हो वकीलसाब, मैं रिक्षा रोका हूँ,” असा धीर देत ते उलटे उलटे जिना उतरत होते. कोठीला दसऱ्याची गर्दी, रस्त्यावर झेंडूचे ढीग, बसच्या मागे बस. तुम्ही रिक्षातून अर्धे बाहेर लटकून लोकांना शिव्या देत होतात. तुमच्या तोंडून शिवी मी पहिल्यांदा ऐकली. एका फुलवाल्याचा ढीग मध्ये आला तर तुम्ही उतरून तो लाथांनी उधळलात, त्या माणसाला गळ्याला धरून फुटपाथवर फेकलंत, आणि तो तुमच्या अंगावरचं रक्त बघून पडल्या जागीच राहिला. मी आईचं डोकं मांडीवर घेऊन बसले होते. दवाखान्याच्या दारात स्ट्रेचर येईपर्यंत तिचं डोकं जड झालं होतं. चाचांनी तिच्या डोळ्यांवरून हात फिरवला आणि मला म्हणाले, “देखो नक्को बेटा.” मी बघितलंच.

दुपारी इन्स्पेक्टर घरी आला. त्यानं बंदूक मोडली. डाव्या नळीत जळकं काडतूस होतं, ते त्यानं चिमट्यानं ओढून काढलं; जळल्यावर ते सुटलं होतं. उजवी नळी रिकामी. त्यानं डबा उघडला. कापसात दोन खळगे होते, वर्षानुवर्षांचे. “दूसरा किधर है वकीलसाब?” तुम्ही डब्याकडे बघितलंत. मग माझ्याकडे बघितलंत. माझा हात खिशात होता, मूठ आवळलेली, आणि अंगठ्याचं तुटलेलं नख रक्ताळलेलं. तुम्ही माझ्या कोपराकडे, खिशाकडे आणि पुन्हा तोंडाकडे बघितलंत. तुम्ही लोकांच्या उलटतपासण्या घेत आयुष्य घालवलेला माणूस. तुम्हाला पुरावा बघायला किती वेळ लागणार? तुम्ही इन्स्पेक्टरकडे वळलात आणि म्हणालात, “एकीच भरा था. दूसरा कब का फेक दिया. इसको निकालना मैं भूल गया.” त्यानं जबाब लिहून घेतला. तुम्ही तो वाचलात, एका ठिकाणी त्याची चूक दुरुस्त केलीत आणि सही केलीत.

तेराव्याला मामांनी तुम्हाला मारलं. घरात सगळ्यांना माहीत होतं की पूजेला दोन काडतुसं असतात. यंदा एकच का, हा मामांचा प्रश्न होता. एकच भरलं, ते डावीकडे भरलं, आणि बरोबर तिच्यावर चालवलं, असा हिशोब त्यांनी तेरा दिवसांत मांडला होता. “तू मारलंस माझ्या अक्काला! एकच का भरलंस, सांग ना सगळ्यांसमोर!” आधी चप्पल, मग पाटाजवळचा पितळी तांब्या. तांब्याच्या काठानं तुमची भुवई फुटली, हाड दिसलं. रक्त वाढलेल्या पानावर पडत होतं, भातावर. तुम्ही हात वर केला नाहीत. लोक मध्ये पडले तेव्हा तुम्ही म्हणालात, “मारू द्या त्याला.” मी वाढत होते. माझ्या हातात तुपाची वाटी होती, ती मी खालीसुद्धा ठेवली नाही. एक वाक्य पुरलं असतं. ते काडतूस तेव्हा आईच्या शिवणयंत्राच्या खणात रिळांच्या मागे होतं, माझ्यापासून चार पावलांवर.

निष्काळजीपणाची शिक्षा तुम्ही भोगून आलात, वकिली गेली. आजोळ तुटलं; मामा माझ्याशी पुन्हा बोलले ते तुम्ही गेल्यावर. सुलतान बाजारात लोक तुम्हाला बघून रस्ता ओलांडायचे. काही जण ‘बायकोला मारलेला वकील’ म्हणायचे, हळू नाही, मोठ्यानं. फळीतल्या भोकावर तुम्ही कॅलेंडर लावलंत. मला वाटायचं, आज विचारतील. मी तुमच्या रागाची वाट बघत होते, नाना. मला तो हवा होता. एकदा मी भात लावला होता, तुम्ही ताटावर बसून विचारलंत, “शिजला का?” माझ्या तोंडून गेलंच, “हो.” तो कच्चा होता, दाताखाली कचकच वाजत होता. मी भिंतीला पाठ लावून उभी राहिले. तुम्ही सगळा भात खाल्लात, ताट धुतलंत आणि म्हणालात, “चांगला झालाय.” त्या दिवशी मी मोरीत जाऊन तोंडात पदर कोंबून ओरडले. नऊ वर्षांनी तुम्ही गेलात तोवर माझ्यावर एकदाही आवाज चढवला नाहीत. कोणी कोणाला एवढी शिक्षा करू नये.

आता परवाच्या आधीचं सांगते. मूसी नदीपलीकडच्या एका शाळेत मी भाषण केलं. मुलांनी ‘विचारू नका, बघा’ची त्यांच्या भाषेतली घोषणा दिली, मी तुमची गोष्ट सांगितली आणि पिशवी आवरू लागले. तेव्हा एक मुलगी उभी राहिली. बारीक, तेल लावून चापूनचोपून वेण्या घातलेली. “मॅडम, वो बच्चा झूट कायकू बोला? निकला नई बोलके बोलना था ना. मार पडती बोलके डर गया?” मी ‘कोणीतरी’ म्हटलं होतं, ते मूल होतं हे तिनंच ओळखलं. वर्गाच्या बाई तिला खाली बस म्हणून खुणावत होत्या. मी म्हटलं, “मालूम नहीं बेटा.” ती खाली बसली, पण तिचं समाधान झालं नव्हतं. इतकी वर्षं मी लोकांना कुलपं सांगते, करंगळी सांगते. आणि त्या मुलीनं तीन वाक्यांत विचारलं ते कधी सांगितलंच नाही. घरात बंदूक असेल तर त्या घरातल्या मुलाला ‘मला जमलं नाही, अडकलंय’ असं न घाबरता म्हणता आलं पाहिजे. हे माझ्या भाषणात नाही, कारण ते सांगायचं तर आधी ते मूल कोण ते सांगावं लागेल. तुम्ही बघितलं नाहीत हा तुमचा गुन्हा आहेच. तो मी धुऊन टाकणार नाही. तुमच्या रागाचाही वाटा आहे, तोही मी तुमच्या पदरात घालते. पण चष्मा सावरण्याएवढा वेळ माझा होता, आणि तो मी गावोगाव तुमच्या नावावर खपवते आहे. परवा हॉलमध्ये मामांनी विचारलं तेव्हा सगळं जिभेवर होतं. मग वाटलं, लोक बघताहेत.

आणि ते काडतूस अजून माझ्याकडे आहे. साड्यांच्या खाली स्टीलच्या डब्यात, जिवंत आहे की मेलेलं कोण जाणे. लोकांना मी सांगते, घरात जुनं काही सापडलं तर हात लावू नका, पोलिसांना कळवा, लाज वाटू देऊ नका. आज सकाळी मी स्वतः चौकीला फोन केला. फोनवरचा मुलगा नम्र होता. उद्या अकराला माणूस पाठवतो, तोवर हलवू नका म्हणाला. मग फॉर्म भरत असावा, त्यानं विचारलं, “एकीच है ना मॅडम?” मी म्हटलं, “एक है. दो थे.” आजवर मी हे कोणापुढे बोलले नव्हते. तो म्हणाला, “दूसरा किधर गया?” मी फोन ठेवून दिला. उद्या तो माणूस दारात उभा राहून तेच विचारणार आहे, आणि मग मला तसंच विद्यानगरला जायचं आहे. मागच्या दोन दिवसांत मी दोनदा मामांच्या बिल्डिंगखाली जाऊन आले. लिफ्टनं वर गेले, दाराशी उभी राहिले, आत टीव्ही चालू होता. बेल वाजवली नाही.

हे पत्र कुठे टाकायचं नाही, घडी करून पर्समध्ये ठेवते. तुम्ही असतात तर विचारलं असतंत, सांगशील ना मामाला? मी ‘हो’ म्हटलं असतं. तुम्ही विचारलंत की तेवढंच निघतं माझ्या तोंडून. म्हणून विचारू नका, नाना. या वेळी बघा.